डॉक्टर मालिनीचं ऑपरेशन

कुडवा, गोंदिया
१६ जुलै २००४

ती. योगेश्वरीबाईस धाकट्या बहिणीचा नमस्कार.

दोन कागद आहेत. हा ओसरीवर सगळ्या जणींसमोर वाचायचा. दुसरा घडी घालून चिकटवला आहे, तो तू एकटीनं वाच. मागच्या वेळी दुधरामनं पत्र पावसात भिजवलं आणि तुमच्या वाट्याला अर्धाच भाग आला, म्हणून यावेळी प्लास्टिकच्या पिशवीत दिलं आहे. उद्या राइस मिलमधून सुटला की तो थेट बोदलकशाला येईल. त्याला ताक तरी देत जा. बिचारा आठ दिवसांतून एकदा गावी येतो आणि स्वतःच्या घराआधी तुझ्या दारात उभा राहतो.

आता कालचा 'सवेरा हॉस्पिटल' मालिकेचा भाग. गेल्या वर्षी माझा पाय मोडला तेव्हा चार महिने येऊन राहिलीस, सेवा केलीस आणि ही चटक लावून घेतलीस. तुमच्याकडे केबल नाही त्याची शिक्षा मला! दर शुक्रवारी शाळेतून येऊन चार पानं लिहायची. असो.

काल एक म्हातारा आला होता, सोबत मुलगा. मुलानं डॉक्टर मालिनीला बाजूला घेतलं आणि म्हणाला, बाबांना काही सांगू नका. तिनं त्याला तिथंच झापलं. आजार त्यांचा आहे, तर आधी त्यांनाच कळेल, म्हणाली. मग खुर्ची ओढून म्हाताऱ्यासमोर बसली आणि सगळं सांगितलं. तुमच्यातल्या सुलोचनाबाईंना हे आवडेल, त्यांना ती भांडते तेव्हाच आवडते. डॉक्टर विक्रांत अजून दाराआडून तिच्याकडे बघत उभा आहे. तीन वर्षं झाली. एवढ्या मोठ्या हॉस्पिटलात या माणसाला एकही पेशंट नाही का?

शेवटी मालिनी आरशासमोर केस बांधत होती. हात छातीजवळ गेला आणि थांबला. तिला गाठ लागली. तिनं कोणालाच सांगितलं नाही, आणि तिथंच भाग संपला.

दुसरा कागद

बाई, हे शेवटचं लिहावं की नाही याचा सकाळपासून विचार केला. गाळलं असतं तर पुढचं काहीच सांगता आलं नसतं. असा योगायोग मालिकेतच व्हायचा, पण झाला खरा. जूनमध्ये तू आलीस तेव्हा तुझी गाठ सुपारीएवढी होती. इथल्या डॉक्टरीणबाईंनी नागपूरच्या दवाखान्याची चिठ्ठी दिली ती तू पेटीत ठेवलीस की चुलीत घातलीस? धानाचा रोवणा झाल्यावर जाते म्हणालीस. रोवणा दरवर्षी होतो. भाऊजींना सांग. अजून सांगितलं नसशील हे मला पक्कं माहीत आहे.

तुझी
भूमेश्वरी


कुडवा
६ ऑगस्ट २००४

ती. बाईस नमस्कार.

हा कागद कोणासमोर वाचू नकोस. आज शिव्याच आहेत.

दुधरामनं तुझी दोन ओळींची चिठ्ठी आणली. "मालिनीचं का होते थे पायतो, मंग मी नागपूरले जातो." बाई, तुला वेड लागलं आहे का? मालिनी ही मुंबईची नटी आहे. तिला गाठबीठ काही नाही. संध्याकाळी काम संपलं की ती रंग पुसून घरी जाते आणि जेवते. तुझी गाठ मी माझ्या बोटांनी चाचपली आहे.

पण मी तुला ओळखते. लहानपणी तळ्यावर गेलो की दुसरं कोणी उतरून पाणी किती ते दाखवल्याशिवाय तू कधी पाय टाकला नाहीस. आता त्या कामाला मालिनीला लावलंस. भाऊजींना सांगितलंस हे ऐकून बरं वाटलं. ते म्हणाले, "थे म्हनेल तवा नेतो." म्हणजे गाडी पुन्हा तिथंच येऊन उभी.

तर ऐक. काल मालिनीनं विक्रांतला सांगितलं. तो दाराआडून एकदाचा पुढं आला. तपासणी झाली, गाठ वाईट निघाली. दोन आठवड्यांनी ऑपरेशन आहे, मोठे डॉक्टर स्वतः करणार आहेत. बायकांना एवढंच सांग. आणि कृपा करून स्वतःची चिठ्ठी पेटीतून बाहेर काढ.

भूमेश्वरी


कुडवा
२० ऑगस्ट २००४

ती. बाईस नमस्कार.

ओसरीवर सगळ्या बसल्या असाल. पहिलंच सांगते, म्हणजे कोणाचा जीव टांगणीला नको. मालिनी वाचली.

ऑपरेशन पूर्ण भाग चाललं. बाहेर विक्रांत, सगळ्या नर्सा, तो मागचा म्हातारासुद्धा बाकावर बसून होता. मध्येच तिचा रक्तदाब उतरला, यंत्र वाजायला लागलं, मोठ्या डॉक्टरांच्या कपाळावर घाम. मग सगळं हळूहळू ठिकाणावर आलं. एक बाजू काढावी लागली. मालिनी शुद्धीवर आली आणि पहिलं वाक्य काय बोलली माहीत आहे? "ही चादर कोणी बदलली नाही?" सगळे रडता रडता हसले. मग तिनं नर्सचा हात धरला आणि म्हणाली, मी उगाच महिनाभर घाबरत बसले, आधीच यायला हवं होतं.

दुसरा कागद

झालं तुझ्या मनासारखं. तुझी मालिनी उठून बसली. मंगळवारच्या सकाळच्या गाडीची तिघांची तिकिटं काढली आहेत. शाळेतून आठ दिवसांची रजा घेतली आहे. भाऊजींना घेऊन सोमवारीच ये. आता तू एक शब्द बोलायचा नाही. अक्षर वाकडंतिकडं आलं आहे त्याकडे लक्ष देऊ नकोस, घाईत लिहिलं.

भूमेश्वरी


कुडवा
५ नोव्हेंबर २००४

ती. बाईस नमस्कार.

दुधरामनं बातमी आणली की तू अंगणात बसून धानाचं बियाणं निवडत होतीस आणि भाऊजी हातपंपावरून पाण्याच्या घागरी आणत होते. गावभर चर्चा आहे म्हणे. होऊ दे. दोन महिन्यांपूर्वी नागपूरच्या वॉर्डात तुला उचलून बसवावं लागत होतं. डॉक्टर म्हणाले, वेळेवर आलात. हे वाक्य मी येता-जाता मनात म्हणते.

मालिनीही कामावर आली. पहिल्याच दिवशी दोन नातेवाईकांशी भांडली. मालिका उत्तम चालली आहे.

सुलोचनाबाईंनी तुला एकटीला गाठून त्यांचीही गाठ दाखवली, दोन वर्षं झाली म्हणाल्या, असं तू लिहिलंस. त्यांना सांग, एक दिवसही थांबू नका. नवऱ्याशी, बकारामभाऊंशी बोलायला त्यांना भीती वाटत असेल तर भाऊजींनी बोलावं. दिवाळीनंतर म्हणू नका.

तुझी
भूमेश्वरी


कुडवा
१२ फेब्रुवारी २००६

ती. बाईस नमस्कार.

सुलोचनाबाई गेल्याचं दुधरामनं सांगितलं. त्या नागपूरला गेल्या तेव्हाच डॉक्टर म्हणाले होते, फार उशीर झाला. तरी ऑपरेशन केलं, दहा महिने मिळाले. तू लिहिलंस की शेवटपर्यंत म्हणत होत्या, "मालिनी उठली, मी बी उठतो." ते वाचून मला बसवेना.

या आठवड्यात भाग सांगत नाही. मला सांगवत नाही. बकारामभाऊंना माझा नमस्कार सांग.

भूमेश्वरी


कुडवा
१९ जून २००९

ती. बाईस,

फोन चार वेळा लावला. पाचव्यांदा भाऊजींनी उचलला आणि म्हणाले, "थे बोलत नाई म्हनते. नोको लावू." म्हणून पुन्हा कागद घेतला. दुधराम नेईल. फाडायचं असेल तर पूर्ण वाचून मग फाड.

गेल्या महिन्यात तू फोनवर एकच प्रश्न विचारलास. "मालिनी मेली होती का, भूमे?" मी भाऊजींची तब्येत विचारली आणि तू फोन ठेवलास. उत्तर आता देते. हो. १९ ऑगस्ट २००४, गुरुवार, मालिनी ऑपरेशनच्या टेबलावर मेली. त्या नटीला सिनेमा मिळाला होता असं म्हणत होते, म्हणून तिला काढलं. शेवटी पांढरी चादर ओढली आणि गाणं लावलं. माझी पोळी तव्यावर जळली. मी मालिनीसाठी रडले नाही. मला फक्त एवढंच दिसत होतं की शनिवारी तू हे ओसरीवर वाचशील, कागदाची घडी घालशील आणि नागपूरचं नाव पुन्हा काढणार नाहीस. म्हणून चादरीचं ते वाक्य, नर्सचा धरलेला हात, आधीच यायला हवं होतं, हे सगळं मी लिहिलं. स्वयंपाकघरात, ओट्यावर वही ठेवून.

एक खोटं लिहायला अर्धा तास लागला. पुढची चार वर्षं ते सांभाळावं लागलं. मालिका पुढच्या गुरुवारी मालिनीशिवाय सुरू झाली. कोवळे कोवळे डॉक्टर आणले, त्यातला एक मोटारसायकलवर वॉर्डापर्यंत यायचा. माझ्याकडे मात्र मालिनी जिवंत! तिचं काय करायचं? मग मीच करत गेले. मंत्र्याशी भांडण मी लावलं. सर्पदंशाचा मुलगा मी वाचवला. विक्रांतशी लग्न करावं की नाही यावर तुम्ही ओसरीवर हात वर करून ठरवलंत आणि नऊ विरुद्ध चार असं मला कळवलंत. मी लगेच नवरा बनवून दिला. बाळंतपणाला दवाखान्यात जा, लोहाच्या गोळ्या खा, हे तिच्या तोंडी मीच घालत होते. बकारामभाऊंची सून तालुक्याच्या दवाखान्यात बाळंत झाली ती मालिनीच्या सांगण्यावरून, हे तूच लिहिलं होतंस.

तिरोड्याहून लग्न होऊन आलेली एक पोरगी म्हणाली, मालिनी तर कधीच मेली, तेव्हा तुम्ही तिला म्हणालात, तू झोपली असशील. ते वाचून मी हसले. हसले हे खरं. तुझी तपासणी झाली की तू गुरुवारी माझ्याकडे राहायचीस. केबल बंद पडायची आणि मी केबलवाल्याच्या नावानं ओरडायची. वायर मीच मागून काढून ठेवत होते.

गेल्या दिवाळीत बकारामभाऊंनी डिश बसवली. मालिनी दिसेना. मी लिहिलं की ती एका गावच्या दवाखान्यात गेली, आता फार दिसणार नाही. तुम्ही तेही मानलंत. पण डिसेंबरपासून वाहिनीवाल्यांनी मालिका पहिल्यापासून रोज दुपारी दाखवायला घेतली. रोज एक भाग. मी दिवस मोजत होते, बाई. मे महिन्यात तो भाग येणार हे मला माहीत होतं आणि मी आधी तोंड उघडलं नाही. खोटं बोलल्यापेक्षा याची लाज मला जास्त वाटते.

बकारामभाऊ टीव्हीसमोरून उठले आणि तुझ्या ओसरीवर येऊन म्हणाले, "माही बायको तुमच्या चिठ्ठीनं मेली." हे मला दुधरामनं सांगितलं. सुलोचनाबाई गाठीनं गेल्या, चिठ्ठीनं नाही. त्या दोन वर्षं घेऊन बसल्या होत्या. पण खोटं बोललेल्या बाईनं हे कोणत्या तोंडानं सांगायचं? त्या दहा महिने ज्या भरवशावर होत्या तो मी बनवलेला होता. मी तो तुझ्यापुरता बनवला होता. ओसरीवर तेरा जणी बसतात हे माहीत असून मी फक्त तुझा विचार केला. त्याचं मला वाईट वाटतं.

तुझ्यासाठी केलं त्याचं मात्र वाईट वाटत नाही. राग येऊ दे. माझ्यावर रागवायला तू जिवंत आहेस.

भूमेश्वरी


कुडवा
११ जुलै २००९

ती. बाईस,

उत्तर नाही. दुधराम म्हणतो, पत्र घेतलं, वाचलं, पेटीत ठेवलं. फाडलं नाहीस एवढं मला पुरे.

तोच सांगत होता, गावात आता दोन पक्ष झाले आहेत. डिशवाले आणि चिठ्ठीवाल्या. डिशवाल्यांत बकारामभाऊ आणि तरण्या सुना. त्यांचं म्हणणं, पाच वर्षं आम्हाला मूर्ख बनवलं. चिठ्ठीवाल्यांत म्हाताऱ्या. त्या बकारामभाऊंच्या घरी टीव्ही बघायला जात नाहीत. एक जण हातपंपावर म्हणाली म्हणे, "टीवीवाल्याइले का मालूम? मालिनी आमची होती, आमाले मालूम." मला हे ऐकून बरं वाटलं आणि मग बरं वाटल्याचं वाईट वाटलं.

इथंही वेगळं नाही. आमच्या शाळेत पाच वर्षांपासून हा वाद आहे. मालिनी मेल्यावर ज्यांनी मालिका सोडली ते म्हणतात, खरे चाहते आम्ही, आम्ही कचरा बघितला नाही. ज्यांनी बघितली ते म्हणतात, खरे आम्ही, पडत्या काळात सोडलं नाही. मधल्या सुटीत डबे उघडे ठेवून भांडतात. शेजारची पुष्पांजली परवा म्हणाली, "दीदी, मालिनी के टाइम में तो बस रोना-धोना था. मजा तो कबीर आने के बाद आया." कबीर म्हणजे तो मोटारसायकलवाला. मी तिच्यावर अशी तडकले की ती वाटी तशीच ठेवून निघून गेली. संध्याकाळी वाटी परत द्यायला गेले तेव्हा ती सांगायला लागली. २००६ साली लग्न होऊन कुडव्यात आली, नवरा दिवसभर बाहेर, सासूशी बोलणं नाही, आणि गुरुवारी आठ वाजता कबीर. आठवड्यातलं तेवढंच हसू. तिनं कबीर का सोडावा? तिला मालिनी ही कोणाची तरी जुनी भानगड वाटते. मला मालिनी म्हणजे तुझी नागपूरची खाट वाटते. आठ वर्षं एकच नाव लावून चाललेल्या गोष्टीत प्रत्येकीनं आपापला तुकडा धरला आहे, आणि दुसरीनं तो वाईट म्हटला की आपल्या घरावर दगड पडल्यासारखं वाटतं. मी पुष्पांजलीला सॉरी म्हटलं. तिला पटलं की नाही माहीत नाही.

आता मुद्द्याचं. काल भाऊजींनी बाहेरून फोन केला. तुझ्या काखेत काहीतरी हाताला लागतं, दीड महिना झाला. पाच वर्षांची तपासणी पुढच्या महिन्यात आहे आणि तू जात नाही म्हणतेस. त्यांनी विचारलं, कायले नाई जात? तर तू म्हणालीस, "डाक्टर बी भूमेसारखेच. बरं वाटाव म्हनून सांगतेत. मंग जाऊन का करू?"

बाई, हे वाक्य मला लागलं. लागू दे, ते माझंच आहे. पण माझ्या खोट्याची शिक्षा तू स्वतःच्या अंगावर घेऊ नकोस. माझ्याशी आयुष्यभर बोलू नकोस. माझ्या दारी येऊ नकोस. गाडी कुडव्यावरून नेऊ नकोस, तिरोड्याहून थेट जा. तुला हवी ती अट घाल, मी पाळते. फक्त जा.

मी इतकी वर्षं तुला घाबरवायचं नाही म्हणून लिहीत आले. आज मीच घाबरले आहे आणि तसंच लिहिते आहे.

भूमेश्वरी


कुडवा
३ ऑगस्ट २००९

ती. योगेश्वरीबाईस नमस्कार.

भाऊजी शनिवारी पाकीट घेऊन आले. बसायच्या आधीच म्हणाले, "इंग्रजीत हाय. थे म्हनते, भूमेनंच वाचाव आनि भूमेनंच लिहाव. ओसरीवर सगळ्याइच्या समोर वाचन म्हनते." मी विचारलं, बकारामभाऊसुद्धा? म्हणाले, "त्याइले तं पयले बलावलन."

तू गेलीस, गाठीत सुई टाकून तपासून घेतलीस, आणि वर ही अट घातलीस. मान्य आहे.

बकारामभाऊ, तुम्ही बसला असाल तर आधी तुमच्याशी बोलते. २००४ साली मालिनी वाचली असं मी लिहिलं ते खोटं होतं. माझी बहीण ऑपरेशनला तयार होत नव्हती म्हणून लिहिलं. सुलोचनाबाईंनी तेच ऐकलं. त्यांचा आजार पुढे गेला होता हे नागपूरच्या डॉक्टरांनी तुम्हाला सांगितलं होतं. तरी त्या माझ्या लिहिण्यावर विसंबून राहिल्या, आणि त्या गेल्या तेव्हा मी तुमच्यासमोर येऊन हे सांगायला हवं होतं. आले नाही. मला माफ करा असं म्हणते. करायलाच हवं असं नाही.

बाकीच्या जणींना सांगते. २० ऑगस्ट २००४ पासूनची मालिनी माझी आहे. ती टीव्हीवर कधीच नव्हती. गोळ्या आणि दवाखान्याचं तिनं जे सांगितलं ते मात्र बरोबर होतं, ते सोडू नका.

आता तुझं. मी पाकीट उघडलं, दोनदा वाचलं. रविवारी भाऊजींबरोबर नागपूरला जाऊन त्या डॉक्टरांना घरी भेटले, कारण शब्दकोशावर मला भरवसा ठेवायचा नव्हता. त्यांनी सांगितलं ते असं. गाठ परत आली आहे. काखेत आहे आणि फुप्फुसात एक ठिपका आहे. आता ऑपरेशन करत नाहीत. सलाईनमधून औषध देतात, दर तीन आठवड्यांनी, सहा वेळा. केस जातील. तोंडाला चव राहणार नाही. ताप आला तर त्याच दिवशी दवाखान्यात जायचं, उद्या म्हणायचं नाही. पाच वर्षांपूर्वी ऑपरेशन केलं नसतं तर काय झालं असतं, हे मी विचारलं नाही. ते माझ्या सोयीचं झालं असतं.

पहिली सलाईन सोमवारी, दहा तारखेला. रविवारी सकाळच्या गाडीनं निघायचं. माझ्याकडे थांबायचं की भाऊजींनी थेट न्यायचं ते तू ठरव. मी महिन्याची रजा मागितली आहे. ये म्हणालीस तर येईन, नाही म्हणालीस तर इथूनच रोज भाऊजींना फोन करीन.

शेवटी डॉक्टरांना विचारलं, किती? ते म्हणाले, असं सांगता येत नाही. मी म्हटलं, पेशंटनं विचारलं आहे, मी नाही. तेव्हा त्यांनी सांगितलं. औषध लागू पडलं तर दोन वर्षं. कोणाकोणाला जास्त मिळतात, पण ते मोजून चालू नका, असंही म्हणाले.

हे पत्र मी तीन वेळा लिहिलं. पहिल्या दोन्ही वेळा हात आपोआप 'पाच' लिहून गेला. ते कागद फाडले. दोन वर्षं, बाई.

तुझी
भूमेश्वरी